घळीतले बाण

मी चाळीसेक वर्षं नकाशे काढले. एका सरकारी कचेरीच्या ड्रॉइंग शाखेत, तिरक्या टेबलावर वाकून, नाले, गटारं, पाइपलाइनी, रस्त्यांच्या कडा. निवृत्त झाल्यावर मला जे खूळ लागलं ते लागणारच होतं. वाट दिसली की ती कागदावर उतरलीच पाहिजे. अजूनही तसंच वाटतं, आणि वाईट आहे ते हेच.

आमची सोसायटी बोरीवली पूर्वेला, जंगलाला खेटून. वडील गिरणीतून सुटल्यावर इथे आले तेव्हा नातेवाईक म्हणायचे, कुठे रानात जाऊन राहताय. आता त्याच रानाचं नाव घेऊन बिल्डर फ्लॅट विकतात. गेटपाशी सकाळी एक बाई रानभाज्या घेऊन बसायची. जंगलातल्या पाड्यावरची, वारली, माझ्यापेक्षा पाचसहा वर्षांनी लहान असेल. मी तिला ताई म्हणायचो, ती मला दादा. एकदा कंटोळी घेताना सहज विचारलं, "हे सगळं आणतेस कुठून गं?"

"नदीतून."

"नदीत भाजी?"

ती हसली. "पाणी उतरू दे. दाखवते."

पाऊस संपला, नवरात्र गेलं, आणि एका सकाळी ती मला घेऊन गेली. नदी म्हणजे तरी काय, आठ महिने कोरडी आणि चार महिने वेडी. खाली वस्तीत तिला आम्ही नालाच म्हणतो आणि नाल्यासारखंच वागवतो. पण पाड्याच्या मागून वर चढत गेलं की ती घळीत शिरते. दोन्ही बाजूंना काळ्या खडकाच्या भिंती, वर करंज आणि उंबर एकमेकांत गुंतलेले. तळाला पाण्याने कोरून काढलेले रांजणखळगे, काही ओंजळीएवढे, काहींत माणूस उभा बुडेल असे. त्यांत पाणी साठलेलं आणि बोटाएवढे मासे अडकलेले. ती म्हणाली, हे आता पुढच्या पावसापर्यंत इथेच. वाचले तर वाचले.

तिथे जायला तशी मनाईच होती, पण पाड्यावरच्या बाईबरोबर असलं की कोणी हटकत नसे. चार वर्षं मी तिच्यामागून दरवर्षी पाऊस उतरल्यावर गेलो. घळ संपल्यावर दरी उघडते, ती सगळी पालथी घातली. कुठे करांदे खणायचे, कुठे मोहाचं झाड आहे, कुठे एप्रिलपर्यंत ओल टिकते, बिबट्या कुठल्या वाटेने उतरतो, सगळं तिने दाखवलं. मी कधी विचारलं नाही की ही मला का दाखवते. मला वाटायचं, मी माणूस चांगला आहे म्हणून. पन्नाशी-साठीतल्या माणसाला आपण चांगले आहोत हे पटवून द्यायला कोणी लागत नाही.

घळीच्या मध्यावर नदीला दोन फाटे फुटतात. तिथे कमरेएवढा एक दगड उभा आहे, एका अंगाने गुळगुळीत. त्या दगडाच्या अलीकडे ती चपला काढून हातात घ्यायची आणि पलीकडे गेल्यावर घालायची. दरवेळी. मीही बूट काढायचो. खडक निसरडा असणार, तिला माहीत असणार, असा मी हिशेब केला. विचारायचं सुचलंसुद्धा नाही. चाळीस वर्षं जमिनीचे उतार मोजलेल्या माणसाला कारण आपोआप कळतं.

पाचव्या वर्षी आमचा सकाळी फिरणाऱ्यांचा ग्रुप मागे लागला. एकटाच जातोस रे, आम्हालाही ने. मी घरी बसून नकाशा काढला. पहिल्यांदा पेन्सिलीत, मग शाईत. फाटे, खळगे, झाडं, चढ, सगळं प्रमाणात. त्या दगडापाशी बारीक अक्षरात लिहिलं: 'येथे पादत्राणे काढावीत, खडक निसरडा आहे.' इतका सुबक नकाशा मी नोकरीतही काढला नव्हता. पण लोकांना नकाशा वाचता येत नाही. पहिल्याच खेपेला चारजण चुकीच्या फाट्याला लागले आणि दोन तास हाका मारत बसले. म्हणून मग मी ठरवलं, बाण काढायचे.

जुन्या एक्स-रेच्या फिल्मवर बाण कापून साचा केला. पांढऱ्या ऑइल पेंटचा डबा, अर्ध्या इंचाचा ब्रश, हात पुसायला फडकं. दसरा नुकताच झाला होता, दगड धुतल्यासारखे स्वच्छ होते. दिवसभरात तेवीस बाण काढले. सगळ्यांत झकास बसला तो त्या फाट्यावरच्या दगडावर. गुळगुळीत पाठ, दोन्हीकडून दिसणारी. अशी जागा शोधूनही सापडत नाही. मी मागे सरकून तीनदा बघितला तो बाण. बूट अर्थातच काढले होते.

नंतर आठदहा दिवस ताई गेटवर आली नाही. आली त्या दिवशी तिच्यापुढे टोपली नव्हती.

"दादा, बाण तू काढलेस?"

"हो! दिसले ना? लांबून दिसतात ना?" मला खरंच वाटलं ती खूश होईल.

"वाघोबावर काढलास."

मला आधी समजलंच नाही. मग तिने सांगितलं. तो दगड पाड्याचा वाघोबा. वाघबारशीला, दिवाळीच्या तोंडावर, सगळा पाडा तिथे जमतो. नारळ, तांदूळ, कोंबडं. वर्षभर आमच्या वाटेला जाऊ नको, आम्ही तुझ्या वाटेला जाणार नाही, एवढंच वाघाकडे मागणं. त्या दिवशी दगडाला नवा शेंदूर लागतो. पावसाळ्यात नदी त्याच्यावरून जाते आणि शेंदूर घेऊन जाते. त्यामुळे पाऊस संपल्यापासून वाघबारशीपर्यंत तो दगड उघडा असतो. मी नेमका त्याच दिवसांत डबा घेऊन गेलो होतो. आणि ती मला घळीतून न्यायची ती वाघबारशीच्या आधीच, नंतर न्यायची ती वरच्या वाटेने. तिने मला शेंदूर लागलेला देव कधी दाखवलाच नव्हता. वाट दाखवली होती, देव नाही.

त्या वेळी मी काय बोललो ते लिहायला लाज वाटते, पण लिहितो. मी चिडलो. म्हणालो, "मग सांगायचं ना मला! मला कसं कळणार? तिथे काहीतरी खूण तरी ठेवायची!"

ती शांतपणे म्हणाली, "मी चप्पल काढायची ना."

दुसऱ्या दिवशी टर्पेंटाइन आणि तारेचा ब्रश घेऊन मी एकटा गेलो. दोन तास घासलं. वरचा रंग निघाला, पण दगडाच्या बारीक छिद्रांत बसलेला हलेना. बाणाचा नुसता पांढरट फराटा झाला, आधीपेक्षा जास्त नजरेत भरणारा. मग फडक्याकडे लक्ष गेलं. ते पांढरं नव्हतं, तांबडं झालं होतं. कितीतरी वर्षांचा शेंदूर त्या छिद्रांत उरला होता, नदीलाही न नेता आलेला. तो मी टर्पेंटाइनने काढत होतो. मी तिथेच खाली बसलो आणि स्वतःला आईबहिणीवरून शिव्या घातल्या. ऐकायला कोणी नव्हतं, त्यामुळे त्या शिव्यांनाही अर्थ नव्हता.

त्या वर्षी पाड्याने फराट्यावरच शेंदूर लावला. मी गेलो नाही. कुठल्या तोंडाने जाणार?

तेवढ्यावर निभावलं असतं. पण नकाशाच्या मी चाळीस झेरॉक्स काढून वाटल्या होत्या. कोणीतरी त्याचा फोटो काढून फिरवला. पुढच्या हिवाळ्यात दर रविवारी घळीत जत्रा. जुहूला समुद्र बघायला जावं तसे लोक यायला लागले. स्पीकर, बिर्याणीचे डबे, रांजणखळग्यांत उतरून काढलेले व्हिडिओ. माझे बाण बरोबर नेऊन सोडायचे सगळ्यांना, एकही चुकायचा नाही. वाघोबाच्या दगडाला पाठ टेकून लोक चहा पीत बसायचे. बूट मात्र काढायचे. कागदावर तसं लिहिलं होतं ना.

मग एकजण खळग्यात पडून पाय मोडून घेऊन बसला, बोंबाबोंब झाली, आणि घळीच्या तोंडाशी तारेचं कुंपण आलं. पहारेकरी बसला. तो नवा होता, त्याला पाडा आणि पिकनिक यातला फरक कोणी सांगितला नव्हता. ताईला त्याने अडवलं. बंद म्हणजे सगळ्यांना बंद. ती भाजीला डोंगराला वळसा घालून जाऊ लागली. वाघबारशीला पाड्याने कुंपणाच्या अलीकडे रस्त्यावर नारळ फोडला आणि देवाला तिथूनच हात जोडले. मला हे तिनेच सांगितलं, तक्रार म्हणून नव्हे. मी कोथिंबिरीचा भाव विचारावा तसं विचारलं म्हणून.

त्याच महिन्यात सोसायटीने माझा सत्कार केला. परिसराचा अभ्यास केल्याबद्दल. शाल, श्रीफळ, नकाशा फ्रेम करून सोसायटीच्या ऑफिसात टांगलेला. मी उठून सांगायला हवं होतं की हा काढून टाका, याने वाट लागली आहे. मी उठलो आणि आभार मानले. तो अभ्यास नव्हताच, एका बाईच्या मागून चालणं होतं. तिचं नाव मी घेतलं नाही. ती वीस पावलांवर गेटपाशी बसली होती.

सुचलं ते एकच केलं. वनखात्याकडे अर्ज केला. पाड्याच्या लोकांना वर्षातून एक दिवस तरी घळीत जाऊ द्यावं म्हणून. मुद्देसूद, दोन पानी. आणि अर्जाला, काय सांगू, नकाशा जोडला. दगडाची जागा लाल शाईत गोल करून. पाकीट टपालात टाकून घरी आल्यावर बायको म्हणाली, "तुम्हाला दुसरं काही येतच नाही का हो?" अर्जाचं उत्तर आलं नाही.

यंदा वाघबारस तोंडावर आली तशी माझी झोप उडाली. ताई आता मला दादा म्हणत नाही. काहीच म्हणत नाही. भाजी देते, चांगली देते, जून पानं काढून देते. सकाळी मी तिच्यापुढे उकिडवा बसलो आणि म्हटलं, "यंदाही रस्त्यावरच का गं? मी बोलू का पुन्हा कोणाशी?"

"नको." ती जुडी बांधत होती. "झाली दुसरी जागा."

"म्हणजे? देव हलवला?"

"देव कसा हलवतील? देवाने दुसरा दगड दिला."

मला इतकं हलकं वाटलं की मी हसलो. म्हणजे सगळंच काही संपलं नव्हतं. "कुठे?" मी विचारलं.

तिने जुडी माझ्या पिशवीत ठेवली. "तुला नाही सांगायचं."

"मी कोणाला सांगणार नाही, शपथ."

"सांगशील असं नाही म्हणत," ती म्हणाली. "तू काढशील."

मी पिशवी उचलून घरी आलो. रागावलो होतो, दुखावलो होतो, जन्मभराचं इमान असं चव्हाट्यावर आणल्यासारखं वाटत होतं. गॅलरीत उभा राहिलो. समोर जंगल. ती दिवस उगवायला पाड्यावरून निघते, आज तिच्या टाचांना सुकलेला चिखल होता, आणि चिखल या दिवसांत फक्त पूर्वेच्या ओढ्यालाच असतो. म्हणजे कुंपणाच्या वरच्या अंगाला, मोहाच्या झाडापासून फार तर अर्ध्या तासावर. तिथे उभे दगड दोनच आहेत. एवढं मनात झालं तेव्हा मी गॅलरीत उभा नव्हतो, आत टेबलापाशी होतो, आणि हातात पेन्सिल होती.