टँकरवरचं स्पेलिंग

तळमजल्यावर राहणाऱ्या बाईचं काही लपून राहत नाही. माझे गुडघे, नवऱ्याचं घोरणं, सुनेशी माझं किती पटतं आणि किती नाही — बदलापुरातल्या मांजर्लीच्या आमच्या सोसायटीला सगळं पाठ आहे. एक गोष्ट सोडून. ती नवऱ्यालाही माहीत नाही. तुम्हाला सांगतेय, कारण तुम्ही मला ओळखत नाही. ओळखत असतात तर सांगितली नसती, हेही आधीच कबूल करते.

रोज सकाळी साडेसातला आमच्याकडे पाण्याचा टँकर येतो. जमिनीखालच्या टाकीचं झाकण नेमकं माझ्या स्वयंपाकघराच्या खिडकीशी आहे, त्यामुळे टँकर उभा राहिला की खिडकी भरून जाते. निळ्या रंगावर पांढरी इंग्रजी अक्षरं, हातभर उंचीची. डी, ओ, यू, सी, एच, ई. डूश. खाली मराठीत लिहिलंय — 'पाण्याची धार'. त्या शब्दाचा अर्थ पाण्याची धार असा आहे, असं टँकरच्या मालकांना वाटतं. वाटतं, कारण मी तसं सांगितलं. ती शिवी आहे — घाणेरडी शिवी — हे मला तेव्हाही माहीत होतं.

मालक म्हणजे बाळारामदादा. जांभूळ गावाकडचे, जुन्या शेतकरी घरातले. अंबरनाथला एका रंग-रसायनांच्या कारखान्यात आम्ही सोळा वर्षं एकत्र काढली. ते सांडपाण्याच्या टाक्या सांभाळायचे — कारखान्याचं घाण पाणी साफ करून मगच बाहेर सोडायचं, हे त्यांचं काम. मी ऑफिसात इंग्रजी पत्रं टाइप करायचे. उल्हासनगरच्या कॉलेजातून इंग्रजी घेऊन बी. ए. झालेली, त्यामुळे कारखान्यात माझं नाव 'डिक्शनरीबाई'. मला ते आवडायचं. लग्नाची पत्रिका हातात आली की मी मुहूर्ताआधी स्पेलिंगच्या चुका बघते — अजूनही.

दादा मला 'बाय' म्हणायचे. पावसाळ्यात शेताच्या बांधावरची पहिली कंटोळी माझ्या टेबलावर यायची, वर्तमानपत्रात गुंडाळून. असं सोळा वर्षं. हे मुद्दाम सांगतेय. मी कुणाशी काय केलं ते कळायला हवं ना?

मधेच धाकटे शेठ आले, अमेरिकेत शिकून. त्यांच्या तोंडात हा शब्द सारखा. ड्रायव्हर उशिरा आला — डूश. माल वेळेत न देणारा व्यापारी — डूश. फोनवर जिवलग मित्राशी हसताना तोच शब्द, तेव्हा लाडाचा. मला आधी मौज वाटली. एवढ्याशा शब्दाला इतक्या जागा? मी डिक्शनरीत बघितला, नंतर कंपनीच्या इंटरनेटवर. पहिला अर्थ — अंग धुण्यासाठी सोडलेली पाण्याची धार. दुसरा — बाईनं अवघड जागा आतून धुण्याची रीत, त्यासाठीची नळी आणि पिशवी. तिसरा, हलक्या बोलीतला — माजोरडा, स्वतःवर खूश असलेला, किळस यावी असा पुरुष.

आता त्या तिसऱ्या अर्थात दादा कुठे बसत होते? पण शिवी देणारा कुठे अर्थ बघून देतो.

एका दुपारी धाकट्या शेठनी पाणी लगेच सोडून द्यायला सांगितलं. टाक्या भरल्या होत्या, काम अडलं होतं. दादा म्हणाले, पाणी अजून साफ झालेलं नाही, हे नाल्यात जाणार, उद्यापर्यंत थांबा. धाकटे शेठ पाचसहा जणांसमोर त्यांच्या अंगावर ओरडले. त्या ओरडण्यातला हा एकच शब्द दादांच्या लक्षात राहिला.

ते सरळ माझ्या टेबलाशी आले. हात ओले, मान ताठ.

"बाय, त्यानं मना डूश बोलला. म्हंजे काय गो? चांगला का वाईट? वाईट असंल तं सांग — आत्ता जाऊन त्याला इचारतो."

माझ्या डाव्या हाताला काचेची केबिन. काचेपलीकडे धाकटे शेठ. मी ड्रॉवरमधून डिक्शनरी काढली. काढायची गरज नव्हती, तिन्ही अर्थ मला तोंडपाठ होते. पानं उलटताना जरा वेळ मिळाला, एवढंच. मग पहिल्या अर्थावर बोट ठेवलं आणि वाचून दाखवला.

"पाण्याची धार, दादा."

खोटं कुठे बोलले? डिक्शनरीत आहे ते. असं मी मला किती वेळा सांगितलं असेल!

त्यांनी जरा विचार केला. मग चेहरा सैल झाला. म्हणाले, बरोबर हाय, पानीच तं सांभालतो मी. आणि निघून गेले. इतका वेळ त्यांच्या मानेत असलेला राग माझ्या डोळ्यांसमोर उतरला आणि मला हायसं वाटलं. तो राग त्यांचा होता. खरा होता, योग्य होता. मी तो काढून घेतला आणि त्यांना पत्ताही लागू दिला नाही.

तुम्ही म्हणाल, बाईमाणूस — परक्या पुरुषाला तसला अर्थ कसा सांगणार? मीही बरीच वर्षं हेच म्हटलं. लाजले, म्हणून नाही सांगितलं. पण मधला अर्थ सोडून देता आला असता की. 'दादा, वाईट शब्द आहे' — चार शब्द पुरले असते. लाज नव्हती ती. धाकटे शेठ मला त्यांची सेक्रेटरी करणार होते. आतल्या केबिनमध्ये, एसीत. दादा जाब विचारायला गेले असते, तर अर्थ कुणी सांगितला हे निघालंच असतं.

इथवर मी याआधी मनातल्या मनात कबूल केलेलं आहे. पुढचं मनातल्या मनातही नाही.

ते ओरडले तेव्हा मी तिथेच होते. आणि हसले होते. मोठ्यानं नाही — वही तोंडाशी धरून. शब्द मला कळला होता ना, बाकीच्यांना कळला नव्हता! धाकट्या शेठनी माझ्याकडे बघितलं आणि तेही हसले. त्या सबंध आवारात तो अर्थ आम्हा दोघांनाच ठाऊक होता आणि मला — कसं सांगू — मला त्याचा अभिमान वाटला.

नंतर केबिन मिळाली. दादा काही कामासाठी दाराशी आले की मी इंटरकॉमवर सांगायचे, "सर, डूश आलाय." आलाय. ज्या माणसाला मी जन्मात एकेरी हाक मारली नाही, त्याला. बाळारामदादा म्हटलं की 'आलेत' व्हायचं, डूश म्हटलं की आपोआप 'आलाय'. ते दारातून ऐकायचे आणि हसून मान हलवायचे. त्यांना वाटायचं, आपलं टोपणनाव. पुढे सगळा कारखाना त्यांना डूशदादा म्हणायला लागला. तेही कौतुकानं 'ओ' द्यायचे.

स्वतःवर खूश असलेला, किळस यावी असा. डिक्शनरी अगदी बरोबर आहे. फक्त पुरुष म्हणते, तेवढंच.

निवृत्त झाल्यावर दादांनी टँकर घेतला. घरची विहीर बारा महिने पाण्याची, आणि बदलापुरात तर नवीन इमारत आधी उभी राहते, पाण्याचं नंतर बघतात. टँकर रंगवायच्या आधी ते माझ्याकडे आले, पेढे घेऊन. खिशातून कागद काढला. त्यावर त्यांनी स्वतः जुळवलेलं — डी, यू, एस, एच. म्हणाले, "बाय, बघ जरा. स्पेलिंग चुकाया नको. लोकं हसतान."

थोडं थांबा इथे. मी अजूनही थांबते.

त्यांचं चुकीचं स्पेलिंग तसंच राहू दिलं असतं, तर तो शब्द शब्दच राहिला नसता. कुणी हसलं नसतं, काही कळलंच नसतं. कुणाला वाटलं असतं देवाचं नाव, कुणाला गावाचं. 'बरोबर आहे दादा' म्हणायचं, संपलं. एकदाच खोटं बोलून भलं करायची संधी होती. पण कागदावर चूक दिसली आणि माझा हात पेनाकडे गेला. मी त्यांची चार अक्षरं खोडली आणि खाली माझ्या वळणदार अक्षरात सहा लिहिली. माझ्या यूला उजवीकडे बारीक शेपटी असते. कुळगावच्या पेंटरनं कागद समोर ठेवून हुबेहूब उतरवलं. शेपटीसकट.

तर रोज सकाळी साडेसातला माझंच अक्षर माझ्या खिडकीत येऊन उभं राहतं. दादा हाक मारतात, "बाय, झाकन उघड." टाकीत पाइप सोडायच्या आधी माझा ड्रम भरून देतात — आधी बायच्या घरात, मग बाकीच्यांना. वरच्या मजल्यावरच्या बायका यावरून कुरकुर करतात. फ्लॅट विकू या, असं मी नवऱ्याला दोनदा म्हटलं. पावसाळ्यात नदीचं पाणी आत येतं म्हणून, असं कारण दिलं. ते म्हणाले, त्याच कारणानं कोण घेणार? टँकर बदलू या, असं मीटिंगमध्ये म्हणायला गेले, तर सगळे माझ्यावरच उलटले. इतका प्रामाणिक माणूस कुठे मिळतो? खरंच, कुठे मिळतो?

दोन महिन्यांपूर्वी दादांची मुलगी आली, निकिता. उल्हासनगरला कॉलेजात शेवटच्या वर्षाला आहे. मला आत्या म्हणते. दुपारी एकटीच आली आणि चपला घालूनच दारात उभी राहिली. कुणीतरी टँकरचा फोटो काढला होता. ही केबिनमध्ये वडिलांच्या शेजारी बसलेली, खाली तो शब्द. फोटो कॉलेजच्या सगळ्या ग्रुपवर फिरला. आता तिला वर्गात त्याच नावानं हाक मारतात. वडिलांना विचारलं तेव्हा त्यांनी अभिमानानं सांगितलं होतं — अर्थ बायनं सांगितला, स्पेलिंग बायनं दिलं.

"आत्या, तुम्हाला मीनिंग माहिती होतं ना?"

सरळ विचारलं तिनं. वडिलांनी विचारलं होतं तसंच, तशीच मान ताठ करून.

"नाही गं," मी म्हटलं. "आमच्या वेळी डिक्शनरीत एवढाच अर्थ होता."

तिच्या डोळ्यांत पाणी आलं. ती म्हणाली, "सॉरी आत्या. मला उगाच काहीतरी वाटलं तुमच्याबद्दल." तिनं माझी माफी मागितली. मी ती घेतली. चहाही केला.

जाताना तिनं दोन गोष्टी सांगितल्या. बाबांना कधी कळू द्यायचं नाही — सगळं आयुष्य त्यांनी त्या नावाला ओ दिलीय, त्यांना सहन होणार नाही. आणि बाबा दुसरा टँकर घेतायत. त्याच्यावर तरी दुसरं नाव टाकायला सांगा, ते माझं नाही ऐकत, तुमचं ऐकतात. मी हो म्हटलं. तिच्या डोक्यावरून हात फिरवून हो म्हटलं.

म्हणजे आता दादांना खरं सांगायची वाटही बंद झाली. ती मी बंद केली नाही, एका मुलीनं केली, वडिलांवरच्या मायेनं. आणि मला — खरं सांगते — पुन्हा हायसंच वाटलं.

परवा दादा आले. निकिता टँकरपाशी उभी होती. नव्या टँकरला रंग द्यायचाय, जुन्या कागदावरची शाई उन्हानं उडाली, पुन्हा एकदा लिहून दे म्हणाले. नवी वही, नवं पेन घेऊन आले होते. मी म्हटलं, दादा, या वेळी दुसरं नाव द्या की. लेकीचं द्या.

त्यांनी माझ्याकडे बघितलं.

"का गो? ह्या नावात काय वाईट हाय?"

त्यांच्या मागे निकिता माझ्याकडे बघत होती. दादांना संशय नव्हता. ते फक्त विचारत होते. मी कारण शोधत होते. एकही असं सापडेना, ज्याच्या मागोमाग दुसरा प्रश्न येणार नाही.

"वाईट काही नाही," मी म्हटलं आणि पेन घेतलं.

निकितानं पुढे येऊन वहीतला तो कागद घेतला. बघितला, घडी केली, वडिलांच्या खिशात ठेवली. माझ्याकडे न बघता टँकरमध्ये जाऊन बसली.

सोमवारपासून दोन टँकर येतील. सहा अक्षरं आहेत. स्पेलिंग बरोबर आहे.