पडद्याकडे पाठ

बहिणीचं लग्न अकोल्याच्या एका मळेवाल्यांच्या घरी ठरलं, तेव्हा वऱ्हाड मध्यप्रांतात होता आणि मी स्वतःला फार हुशार समजत होतो. दोन्ही गोष्टी टिकल्या नाहीत.

बाबा आणि काका अकोल्याला जाऊन मुलाचं साक्षगंध, म्हणजे साखरपुडा, करून आले होते. मुलगा मी पाहिला नव्हता. बहिणीनं तर नाहीच. लग्नाआधी दोघांनी एकमेकांचं तोंड पाहिलं तर बाबा सोयरीक मोडणार, हे घरात सगळ्यांना ठाऊक होतं.

अशात बहिणीनं अमरावतीला जाऊन एक बोलपट दुसऱ्यांदा पाहायचा हट्ट धरला. त्यातली नायिका एकावर जीव लावते आणि बापाच्या शब्दाखातर दुसऱ्याच्या गळ्यात माळ घालते.

"एकडाव रडून झालं ना? आता कावून जाते?" बाबांनी विचारलं, तिला नाही, मला. "जाय संग. ध्यान ठेव."

बायका मागे, आडपडद्यापलीकडे बसत. अंधार झाला की तो पडदा सरकवीत. मी पुढे पुरुषांत बसलो, पण मान मागे. थोड्याच वेळात दिसलं, आणखी एक जण तसाच बसलाय. हातात फुटाण्याची पुडी, नजर थेट माझ्या बहिणीवर. नायिका बापापुढे हुंदके देत होती, सगळं थेटर नाक ओढत होतं आणि आम्ही दोघंच उलटे.

मध्यंतरात त्याला गाठलं.

"कुठचा रे तू?"

"अकोल्याचा."

"तिथं टॉकीज नाही काय?"

"आहे ना. पन तिथं तुमची बहीण येत नाही."

मी त्याची गचांडी धरली.

"हळू, भाऊ," तो म्हणाला. "सदरा साक्षगंधाचा आहे. तुमच्याच बाबानं देला."

ते रेघांचं कापड बाजारातून मीच निवडून आणलं होतं! हात आपोआप सुटला.

"येवढ्या बायकांत तिले वळखलं कसं?"

तो फुटाणे चावत राहिला.

परतताना बैलगाडीत मी बहिणीला विचारलं, "त्याले निरोप तूच धाडला ना वं?"

"कोनाले? दादा, सिनेमा कसा वाटला ते सांग ना."

काय सांगणार? मी पाहिलाच कुठे होता!

बाबा दारातच उभे होते. "कोनी भेटलं काय?"

बहीण खाली बघत होती.

"कोनी नाही," मी म्हणालो.

बाबांनी संशयानं पाहिलं, तिच्याकडे नाही, माझ्याकडे. लग्न ठरल्या तिथीला लागलं. पण तोवर त्यांनी मला एकट्याला अमरावतीच्या बाजारातसुद्धा पाठवलं नाही.