काळ्या डोंगराचं देवक

एम.ए.च्या शेवटच्या वर्षाला मला आधुनिक युरोपचा पेपर होता आणि त्यात बाल्कनमधले राजे होते. जगात एवढे राजे होऊन गेले, त्यातले नेमके हेच माझ्या वाट्याला यावेत हे माझं नशीब. एका देशाचा राजा दुसऱ्याचा मेहुणा, तिसऱ्याचा जावई आणि चौथ्याचा वैरी. नावं सगळी तीच ती, फक्त पुढचा आकडा बदलायचा. इंग्रजी पुस्तकाच्या शेवटी त्यांची वंशावळ छापली होती. ती उघडली की माझं डोकं गरगरायचं. घरात मात्र त्या वर्षी एकाच सोयरिकीची चर्चा चालू होती आणि ती माझी होती.

स्थळ माळेगावचं होतं. मुलगा साखर कारखान्यात कायम नोकरीला, घरचा ऊस, दारात ट्रॅक्टर. नाव ठेवायला जागा नाही, आणि तीच माझी अडचण होती. कारखान्याचा पट्टा पडला, म्हणजे गाळप संपलं, की लगेच लग्न उरकायचं असं त्यांचं म्हणणं. माझी परीक्षाही नेमकी तेव्हाच. "लग्न झाल्यावर दे की पेपर, कोन नगं म्हनतंय?" असं आई म्हणायची, आत्या म्हणायची आणि काही संबंध नसताना शेजारीणही म्हणायची. कोणी नको म्हणत नव्हतं हे खरंच. माझ्या वर्गातल्या दोघींनाही कोणी नको म्हटलं नव्हतं, पण दोघींची पुस्तकं सासरच्या माळ्यावर गेली ती गेलीच. मला परीक्षा द्यायची होती, आणि लग्नाच्या आधीच द्यायची होती. मी वडिलांना तसं सांगितलं. त्यांनी चहाचा कप खाली ठेवला आणि म्हणाले, "तात्याला इचार."

तात्या म्हणजे वडिलांचे थोरले भाऊ, आणि सोयरिकी जुळवणं हा त्यांचा बिनपगारी धंदा. इंदापूर तालुक्यात कुणाची लेक कुठं दिली, कुणाची सून कुठून आणली, हे त्यांना तोंडपाठ. सगळ्यांची देवकंही पाठ. देवक म्हणजे लग्नात पुजायची कुळाची खूण. कुणाचं उंबर, कुणाचं कळंब, कुणाचं मोराचं पीस. दोन्ही घरांचं देवक एकच निघालं तर मुलगा-मुलगी भाऊबहीण ठरतात आणि विषय तिथंच संपतो. देवकाच्या बाबतीत तात्या फार कडक. एकदा मांडव घातल्यावर त्यांनी एक लग्न मोडलं होतं. मुलीला विचारण्याची पद्धत मात्र आमच्याकडे नव्हती, आणि तात्यांच्या हाताखालून जाणाऱ्या लग्नात तर मुलालाही कोणी विचारत नसे. अशा माणसाला मी काय विचारणार?

मी रोज सकाळी आमच्या कळस गावच्या फाट्यावरून एसटीनं बारामतीला कॉलेजला जायची. संक्रांत होऊन गेली होती. एका सकाळी फाट्यावर तात्या उभे दिसले, कडक इस्त्रीच्या धोतरात, हातात पेपर. बारामतीवरून माळेगावला जाऊन सुपारी फोडायचा दिवस ठरवायचा, असा त्यांचा बेत. एकदा सुपारी फुटली की शब्द पक्का, मग मागं फिरणं नाही. तात्यांनी पेपर माझ्यापुढं धरला. पहिल्याच पानावर बोस्नियातल्या लढाईची बातमी होती.

"हे बोस्निया कुठं आलं गं?"

मी सांगितलं.

"आन् तितं भांडत्यात कशापायी? पयलं राजं कोन हुतं तितं?"

एवढ्यात गाडी आली. आम्ही शेजारी बसलो आणि मी सर्बियापासून सुरुवात केली. तिथं दोन घराणी गादीसाठी एकमेकांच्या जिवावर उठलेली, आणि दोन्ही घराण्यांचे मूळपुरुष डोंगरात जनावरं राखणारे, गुराडुकरांचा व्यापार करणारे.

"मंजी मेंढरंबी असत्याल."

"असतील की."

"मग आपलाच मानूस हाय त्यो!" तात्यांनी मांडीवर थाप मारली. आमच्या घरची मेंढरं कालव्याचं पाणी आलं तशी गेली आणि रानात ऊस उभा राहिला. पण तात्यांच्या मनातला मेंढरांचा वाडा अजून भरलेला होता. त्याच आठवड्यात इंदापूरच्या बाजारात त्यांनी चारचौघांना सांगितलं की युरोपात आपल्यातलाच एक राजा होऊन गेला. डुकरांचा विषय त्यांनी काढला नाही.

त्याच प्रवासात पुढं मी सर्बियाच्या शेजारच्या माँटेनिग्रोवर आले. नावाचा अर्थ काळा डोंगर, असं मी म्हटलं मात्र, तात्यांनी त्या राजाला लगेच पाहुणा करून टाकला. तो कायमचा "काळ्या डोंगराचं पाव्हणं" झाला. हा राजा गरीब होता. वाड्यापुढच्या झाडाखाली बसून लोकांचे न्यायनिवाडे करायचा. पण त्याला मुलींची मोठी रांग होती, आणि त्यानं त्या अशा उजवल्या की सगळे त्याला युरोपचा सासरा म्हणायला लागले.

तात्या सावरून बसले. "कुठं कुठं दिल्या?"

"दोघी रशियाच्या राजघराण्यात. एक इटलीची राणी झाली. थोरली सर्बियाच्या त्या दोन घराण्यांतल्या एकात."

"इटलीच्या गादीवं? हुंडा काय दिला?"

"त्याच्याकडं काय होतं द्यायला?"

तात्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. मग अगदी हळू आवाजात, देवळात बोलावं तसे म्हणाले, "मानूस व्हता." त्यांनी आयुष्यभर जे केलं तेच कुणीतरी राजेलोकांत करून दाखवलं होतं. बारामतीच्या स्टँडवर उतरल्यावर त्यांनी मला कॉलेजला जाऊच दिलं नाही. चहा मागवला, त्या एकेक मुलीची चौकशी केली, जावयांचे स्वभाव विचारले, आणि या भानगडीत माळेगावची गाडी निघून गेली. "जाऊ दे, परवा जातो," म्हणाले.

माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला तो तिथंच, बशीत चहा ओतताना.

त्यानंतर तात्या माळेगावला निघाले की मी एखाद्या राजाला अडचणीत टाकून ठेवायची. सर्बियाच्या तरुण राजानं आपल्याहून मोठ्या विधवेशी लग्न केलं, सगळ्या देशानं तोंड फिरवलं, आणि एका रात्री लष्करातलेच अधिकारी वाड्यात शिरले. एवढं सांगेपर्यंत बारामती यायची. "मग?" "मग उद्या, तात्या. मला तास आहे." राजाचं पुढं काय झालं या विचारात तात्या माळेगावला न जाता कळसलाच परत फिरायचे. दुसऱ्या दिवशी ते अधिकारी नुसते जिना चढायचे. तिसऱ्या दिवशी दिवे जायचे. राजा-राणीला मारून दुसऱ्या घराण्याचा माणूस, म्हणजे काळ्या डोंगराचा जावई, गादीवर बसवला तेव्हा होळी आली होती. त्याची बायको, म्हणजे ती थोरली लेक, आधीच वारली होती. यावर तात्यांचं म्हणणं, "लेक गेली तरी नातवंडं हायती न्हवं? सोयरीक ऱ्हाती." मागच्या बाकावरच्या दोन-तीन जणांनी माना डोलावल्या. कंडक्टर तर तिकिटं आधी फाडून आमच्याजवळ येऊन उभा राहायचा.

रुमानिया, बल्गेरिया, ग्रीस या देशांनी राजे बाहेरून मागवले होते, हे तात्यांना आधी पटेना. "भाईरनं मंजी?" "दत्तक घेतले म्हणा." मग पटलं. बल्गेरियाच्या राजाला आगगाडीचं वेड होतं आणि तो स्वतः इंजिन चालवायचा, हे ऐकून ड्रायव्हरनं मान वळवली, तेव्हा कंडक्टरच त्याच्यावर ओरडला. अल्बेनियाला एक जर्मन राजपुत्र आणला, तो वर्षभरही टिकला नाही. तात्या म्हणाले, "चौकशी न्हाय केली नीट. आदुगर मला इचारलं असतं तर."

खरी गंमत म्हणजे हे सगळं सांगता सांगता माझाच अभ्यास होत होता. जी वंशावळ वाचताना मला घाम फुटायचा, ती तात्यांच्या प्रश्नांमुळे आपोआप पाठ झाली. कोण कुणाचा साडू, कोण कुणाचा व्याही, झोपेत विचारलं असतं तरी सांगितलं असतं.

पण माळेगावकरांचा धीर सुटला. आमच्याकडून निरोप नाही म्हटल्यावर त्यांनीच कळवलं, उद्या आम्हीच कळसला येतो आणि सुपारी फोडून घेतो. मला कळलं तेव्हा मी गाडीत चढत होते. आता राजे लांबवून उपयोग नव्हता. रागारागानं मी तात्यांना एकदाचा शेवट सांगून टाकला. पहिलं महायुद्ध झालं. जावई म्हातारा झाला होता, कारभार नातवाच्या हातात. त्या नातवाच्या राज्यानं काळा डोंगर गिळला आणि आजोबांना गादीवरून काढलं. म्हातारा परमुलखात, फ्रान्समध्ये मेला.

"नातवानं?" तात्यांचा आवाज चढला. "आज्याचं राज्य? आजोळ खाल्लं?"

मागच्या बाकावरचे उठून पुढं आले. आजोळ खाणारा माणूस आमच्या तालुक्यात कोणी ऐकला नव्हता. तात्यांनी कपाळावरचा घाम पुसला आणि एकदम विचारलं, "दोगांचं देवक काय हुतं?"

हा प्रश्न विद्यापीठात कोणी विचारणं शक्य नव्हतं. राजांना देवक नसतं असं मी म्हणणार होते. पण पुस्तकात राजचिन्हांची चित्रं होती, ती मी काढून दाखवली. सर्बियाचा दोन तोंडांचा गरुड. काळ्या डोंगराचाही दोन तोंडांचा गरुड.

तात्यांनी पुस्तक डोळ्यांशी नेलं. मग लांब धरलं. "एकच देवक!" ते ओरडले. "आरं, एकच देवक! मग दुसरं काय व्हनार? एवढा श्याना मानूस, आन् देवक न्हाय बघितलं?" कंडक्टरनंही चित्र पाहिलं आणि जिभेनं चुकचुक केली. मी वाद घातला नाही. त्या तिघाचौघांत बाल्कनचा प्रश्न कायमचा सुटला होता.

दुसऱ्या दिवशी माळेगावचे पाहुणे आले. ओसरीत जाजम, पुढं पानाचं तबक, त्यात सुपारी. मी आतल्या दाराशी उभी राहून ऐकत होते आणि हातातल्या पदराला पीळ घालत होते. रडायचं नाही एवढंच ठरवलं होतं. मुलाच्या चुलत्यांनी सुपारी उचलून तात्यांपुढं धरली.

तात्यांनी हात पुढं केला नाही. खाकरले. "एक अडचन हाय, पाव्हणं. आमच्या देवकाची खात्री करायची ऱ्हायलीया."

"आमचं तर तुमास्नी ठावं हाय, तात्या."

"तुमचं हाय. आमचंच बघायचं. आमच्या भावकीतला एक म्हातारा हाय, जुनं सगळं त्येलाच म्हाईत. त्यो गेलाय मेंढरं घिऊन कोकणात. मिरगाच्या आदी काय येत न्हाय. आला की इचारतो."

वडिलांनी काहीतरी बोलायला तोंड उघडलं. तात्यांनी नुसतं त्यांच्याकडं पाहिलं, आणि ते मिटलं. मिरग म्हणजे पाऊस तोंडावर आलेला, आणि माझी परीक्षा त्याच्या कितीतरी आधी संपत होती. पाहुणे नाराज झाले, पण देवकाची गोष्ट म्हटल्यावर कोण काय बोलणार? उलट एकजण म्हणाला, "बराबर हाय. असली गोष्ट घाईची न्हवं." जेवून, पान खाऊन गेले.

मी बाहेर आले तेव्हा तात्या एकटेच जाजमाची घडी घालत होते. आमचं देवक काय, हे आमच्या घरातल्या पाळण्यातल्या पोरालाही माहीत होतं. ज्या माणसानं देवकासाठी मांडवातलं लग्न मोडलं, तो माझ्यासाठी देवकावरच खोटं बोलला होता. मला काय वाटलं ते नीट सांगता येणार नाही. भीती वाटली, आणि त्यांच्या पायाशी बसावंसंही वाटलं.

"तात्या, तुम्ही खोटं बोललात."

"व्हय. आन् ग्रीसचा राजा तू दोनदा मारलास. मी बोललो काय?"

मारला होता मी. एकदा होळीच्या आधी आणि एकदा पाडव्याच्या सुमाराला, गोष्ट संपत आली म्हणून. म्हणजे त्यांना सगळं कळत होतं आणि ते रोज फाट्यावर येऊन मला गोष्ट लांबवू देत होते.

परीक्षा झाली. बाल्कनवर प्रश्न आलाच, आणि मी इतकं लिहिलं की पुरवण्या जोडाव्या लागल्या. मिरग लागताच कोकणात गेलेला म्हातारा मेंढरं घेऊन परत आला. त्याला कोणी काही विचारलं नाही. त्या दिवशी दुपारी तात्या आमच्या घरी आले, आईला चहा नको म्हणाले, वडिलांना बस म्हणाले, आणि मला समोर बोलावलं.

"काळ्या डोंगराच्या पाव्हण्यानं एवढ्या पोरी दिल्या," ते म्हणाले, "त्यातल्या एकीला तरी इचारलं हुतं का?"

"पुस्तकात तसं कुठं लिहिलेलं नाही, तात्या."

"मंजी न्हाय इचारलं." ते थोडा वेळ आपल्या हातांकडं बघत राहिले. किती लग्नं त्यांनी त्या हातांनी जमवली होती ते त्यांनाच ठाऊक. "मीबी आजवर न्हाय इचारलं कुनाला. तुला इचारतो. माळेगावची सोयरीक करायची का?"

आई दारात थांबली. वडील तात्यांकडं बघायचे आणि माझ्याकडं बघायचे. आमच्या घरात हा प्रश्न कुठल्याही मुलीला कधी विचारला गेला नव्हता, त्यामुळं त्याचं उत्तर कसं द्यायचं हेही कुणी शिकवलेलं नव्हतं. मला हुंदका आला.

"रडू नगं," तात्या चिडून म्हणाले. "व्हय म्हन न्हायतर न्हाय म्हन. मला इंदापूरची गाडी धरायची हाय."

"न्हाय," मी म्हणाले.

तात्यांनी टोपी डोक्यावर बसवली आणि गाडी धरायला निघाले.