राजमच्या फेरीतली बत्तीस घरं

"शेषम्मा वारल्या, हें मज ठाऊक नाहीं कां? मीच त्यांस शेवटची साडी नेसवली, पोरी. पण घर कुठें गेलें?"

"अय्यो, आज्जी! घर नाही, माणसं विचारली होती मी!" साईप्रियानं नकाशाची गुंडाळी ओट्यावर आपटली.

तंजावूरच्या राजवाड्यामागच्या गल्लीत, राजमच्या दारात, सकाळी सातला हे चाललेलं. साईप्रिया कॉलेजात भूगोल शिकते, एम.ए.ला. डोंगर-नद्यांचा नव्हे. शहरात कोण कुठं राहतं, का राहतं, कधी उठून जातं, असला भूगोल. प्रबंधासाठी तिला राजवाड्याभोवतीच्या मराठी घरांचा नकाशा करायचा होता. दारोदार हिंडायचं सोडून ती तीन दुपारी राजमच्या ओट्यावर बसली. राजमनं बत्तीस घरं सांगितली, हिनं बत्तीस चौकोन पिवळे रंगवले. सरांनी जाऊन पाच दारं ठोठावली, तर चार दारांतून तमिळ माणसं बाहेर आली. "ओट्यावर बसून भूगोल केलास," सर म्हणाले. सोमवारी खरा नकाशा आला नाही तर वर्ष गेलं.

आता राजम काही थापा मारणारी बाई नव्हे. एकोणिसाव्या वर्षी तिरुवैयारूहून लग्न होऊन ती इथं आली. पहिल्याच नवरात्रात सासूनं कुंकवाचा करंडा हातात दिला आणि म्हणाली, हळदीकुंकवाचं बोलावणं आपल्या घराकडं आहे, आजपासून तू फिर. घरांचा क्रम ठरलेला. आधी शेषम्मा. त्यांच्याकडं दुसऱ्या नंबरावर गेलं की त्या आठ दिवस तोंड फिरवून बसायच्या. मग विहिरीचं घर, तिथं उभ्या-उभ्या ताक मिळायचं. त्याच्या पुढं एक मास्तर, बायकोला हाक मारायचे तीही वर्गात हजेरी घेतल्यागत. दिवेलागणीला राजमच्या घरात बसायला चटई पुरायची नाही. दार बंद दिसलं तर चौकटीला कुंकू लावायचं. बोलावणं पोचलं.

मग दारं बंद व्हायला लागली. कुणी चेन्नईला, कुणी बंगळूरला, पोरांच्या पाठोपाठ. कुणी मसणात. भिंतींवर जुना नंबर, शेजारी नवा नंबर आला. राजमचे पाय मात्र जुन्याच वाटेनं जात राहिले आणि बोट चौकटीला लागत राहिलं. साईप्रियानं विचारलं तेव्हा तिनं तीच फेरी पाठ म्हटल्यासारखी म्हणून दाखवली. पन्नास वर्षांत ही घरं मोजून दाखव असं तिला कुणी म्हटलंच नव्हतं.

आतून तिचा नवरा मुरलीकृष्ण ओरडला, "पोरी, तिला बोलावणें सांग, मोजणी सांगूं नको! घरांत दोघें आहों, तरी चौघांचा भात लावती!"

"तुम्ही दोघांचा जेवतां म्हणून!" राजमनं पदर खोचला. "चल गें. अस्कीं, सगळीं घरं दाखवतें."

ही फेरी करंड्याशिवायची होती, आणि या वेळी शेषम्मांचं घर राजमनं शेवटाकडं ठेवलं. साईप्रिया पेन्सिल घेऊन मागं.

"विहिरीचं घर. लिहूं?"

"नको. चेन्नईला गेलीं."

"हे?"

"लिही. म्हातारा आहे. कानांनी गेलाय, पण आहे."

"मास्तरांचं?"

राजम तिथं थोडी थबकली. कुलपाला गंज चढला होता. "नको," ती म्हणाली आणि पुढं चालू लागली. तिथून तिचा आवाज बारीक झाला. नको, नको, लिही, नको.

शेषम्मांच्या घरापाशी पोचल्या तेव्हा भुवनेश्वरी दारात रांगोळी घालत होती. तिरुवारूरकडची तमिळ बाई, आठ वर्षांपासून तिथं भाडेकरू. राजमला बघून तिनं कंबर सरळ केली आणि तमिळमध्ये सुनावलं, "काय आजी, आज हात रिकामा? दर नवरात्रात माझ्या चौकटीला कुंकू लावून पळता. मी आत स्वयंपाकघरात असते. तुमचं बोलावणं काय लाकडालाच असतं?"

साईप्रियाला हसू आलं, पण राजमचा चेहरा बघून तिनं ते गिळलं.

आठ वर्षं राजम मेलेल्या बाईला बोलावत होती आणि जितीला वगळून जात होती. दार उघडं होतं की बंद, हेसुद्धा तिनं बघितलं नव्हतं.

"चूक झाली, अम्मा," राजम तमिळमध्ये म्हणाली. "या वर्षी तुला हाक मारीन. ये."

"बघू, सवड झाली तर," भुवनेश्वरी म्हणाली आणि पुन्हा रांगोळीला वाकली.

थोडं पुढं गेल्यावर साईप्रियानं हळूच विचारलं, "आज्जी, हें घर अर्धं पिवळं करूं? शेषम्मांसाठीं?"

"अर्धें कशास? ती राहाती ना तिथें? तिचेंच घर तें. पिवळें नको."

"मग शेषम्मा?"

"त्यांस मी ठेवतें. तुझ्या सरांस काय करायच्या?"

फेरी संपली तेव्हा नकाशात नऊ घरं उरली होती. साईप्रियानं पुन्हा मोजली, नऊच. राजमनंही बोटांवर मोजली. एका हाताची पाच आणि दुसऱ्याची चार. करंगळी उरली.

"सोमवारीं दे हें," ती म्हणाली. "आणि सरांस सांग, पुन्हां दारें ठोकायला या. या वेळीं चुकणार नाहीं."

साईप्रिया नकाशा छापायला बसस्टँडकडं गेली. राजम घरी आली तेव्हा ऊन गच्चीवर चढलं होतं. वडाम, म्हणजे तांदळाच्या कुरडया, करायचं पीठ पातेल्यात निवून बसलेलं. नवऱ्याला जुन्या धोतराची दोन टोकं धरायला लावून तिनं ते धोतर गच्चीवर पसरलं, चार कोपऱ्यांना विटा ठेवल्या, सोऱ्यात पीठ भरलं आणि पहिली कुरडई घातली.