शांताची चुंबळ

आमची देवकीमावशी मुळगावची. तरुणपणी शिरगावच्या खाणीवर डोक्यावरून खनिजाच्या पाट्या वाहायची. आता सत्तरी उलटली, पण त्या काळाचा विषय निघाला की म्हातारीच्या बोलण्याला खंड नसतो. त्यात कष्ट कमी आणि मैत्रिणीच फार. तांबड्या धुळीत एका रांगेने चालणाऱ्या, एका डब्यातली पेज वाटून पिणाऱ्या, लईराई देवीच्या जत्रेला मिळून जाणाऱ्या. त्यांतली शांता जिवाभावाची. जुन्या लुगड्याची चुंबळ ती अशी वळायची की दिवसभर डोक्यावरची पाटी हलायची नाही. चुंबळ डोक्यावरची वस्तू, म्हणून कोणी ती जमिनीवर ठेवत नसे. काम सुटलं की खुंटीला. शांता गेली, तिची हिरव्या काठाची चुंबळ मावशीकडे राहिली.

गेल्या वर्षी पणजीहून तनया नावाची चित्रकार मुलगी आली. शहराची श्रीमंती कोणाच्या डोक्यावरून आली, ते तिला प्रदर्शनात मांडायचं होतं. मावशीने शांताचं नाव चारदा सांगून चुंबळ तिच्या हाती दिली. कुठे तरी उंचावर, नावासकट लागेल अशी तिची समजूत.

म्हापशाला बस बदलून मी मावशीला पणजीला प्रदर्शनाला नेलं. नव्या साडीत नवरीसारखी लाजत होती. दालनात पाहतो तर गावोगावच्या चुंबळी फरशीवर अंथरलेल्या आणि बूट घातलेली माणसं त्यांवरून चालताहेत. फलकावर 'अनामिक श्रम' एवढंच. तनया समजावू लागली की शहर कष्टकऱ्याला असंच तुडवतं, ते बघणाऱ्याला बोचायला हवं. कल्पना वाईट नव्हती, पण माझं डोकं फिरलं.

मावशीने आवाजही चढवला नाही. "आमकां तुडयतात तें आमकां खबर आसा गो बाये. तें दाखोवंक परत कित्याक तुडयता?"

मावशी वाकली, तेवढ्या सगळ्यांतून शांताची चुंबळ बरोबर उचलली, झटकली, डोक्यावर ठेवली आणि ताठ मानेने दाराकडे निघाली. लोक बाजूला झाले. हाही प्रदर्शनाचाच भाग समजून त्यांनी टाळ्या वाजवल्या. मेल्यांना तेवढंच कळलं.

परतीच्या बसमध्ये ती चुंबळीवरचे बुटांचे डाग पुसत बसली. मग म्हणाली, "ताळयो कोणाक मारल्यो रे त्यांनी?"

मी सरळ थाप मारली. "शांताक."

"बरें जालें," मावशी म्हणाली, आणि चुंबळ मांडीवर धरून रडू लागली.