मानून घ्यायचा हक्क

"हात पालथे कर म्हणावं हिला," वत्सला म्हणाली.

हिला म्हणजे माझ्या मायला. माय देशमुखांच्या अंगणात उन्हात उभी होती. वत्सला ओसरीवर खुर्चीत. तिच्या शेजारी हैदराबादहून आलेल्या आमच्या उस्तानी, कॉलेजात शिकवणाऱ्या बाई. त्यांना मराठी येत नव्हती. मायला उर्दू येत नव्हती. मधे मी. ओसरीखाली, जोत्याला अंग लागणार नाही अशी उभी. तर्जुमा करायला.

मी मायला म्हणाले, "हात पालथे कर." माझ्याच तोंडानं.

मायनं केले. वत्सलानं लांबूनच बोट दाखवलं आणि उस्तानींना उर्दूत सांगितलं, "नखं बघा. मांगणींच्या याच हातांनी बाळंतपणं होतात. मग बाळंतीण तापानं फणफणते आणि मरते. हा माझा मफरूजा."

"बहोत खूब," उस्तानी म्हणाल्या. "बिलकुल साफ."

मायनं मला विचारलं, "काय म्हन्ल्या गं?"

मी मायच्या हातांकडं बघितलं. वत्सला जन्मली ती याच हातांत. हे त्या अंगणात सगळ्यांना ठाऊक होतं. उस्तानी सोडून.

ही वडीगोद्रीची गोष्ट. निजामाचं राज्य होतं. वत्सला देशमुखांची, मी मांगवाड्यातली. आम्ही ख्रिस्ती झाल्तो, पण गावाला त्याचं काय? गावासाठी मांग ते मांगच. जालन्याला मिशनच्या बोर्डिंगात शिकले, मिशनच्याच मदतीनं हैदराबादच्या कॉलेजात गेले. तिथं वत्सला माझ्याच वर्गात. कॉलेजात मी तिला वत्सला म्हणायची. गावच्या शिवेत पाय पडला की ताईसाहेब.

मी तिच्यावर जळायची. खोटं कशाला बोलू? तिच्या रेशमी पातळावर नाही. तिला घ्यायला स्टेशनवर बैलांची दमणी यायची, तिच्यावरही नाही. मी जळायची ती एका शब्दावर.

मफरूजा. उस्तानींनी तो वर्गात शिकवला तो दिवस मला आठवतो. अभ्यासाच्या आधी एक गोष्ट मानून घ्यायची. अमुक घडतं ते तमुकमुळे, असं. मग ती खरी का खोटी ते तपासायचं. उस्तानी म्हणाल्या होत्या, "जो खोटा ठरूच शकत नाही तो मफरूजा नव्हे, तो हट्ट." मला वाटलं होतं, कुणीतरी माझ्या डोक्यावरचा हारा उतरवला. आमच्या वाड्यात कुणी कधी काही मानून घेतलं नव्हतं. आम्ही ऐकायचो. दुसऱ्यानं आमच्याबद्दल मानलेलं.

मी विषय लिहून दिला. बाळंतिणी का मरतात. वत्सलानंही तोच दिला. दोघी एकाच गावच्या, दोघींनी एकाच सुइणीचे हात बघितलेले. उस्तानींनी माझा कागद परत केला. "तुझ्या लोकांत तुला शिरकाव आहे. तू माहिती गोळा कर. मांडणी वत्सला करेल."

मांडणी वत्सला करेल. त्या दिवसापासून ती जेवायला बसली की मी तिच्या तोंडाकडं बघायची. हिच्या तोंडात 'मला वाटतं' किती सहज येतं. मला वाटतं, असं असेल. मला वाटतं, तसं नसेल. माझ्या तोंडात कायम 'त्या म्हणतात' आणि 'ह्या म्हणतात'.

सुट्टीत आम्ही गावी आलो, घरोघर फिरलो. वत्सला विचारायची. सुईण कोण होती? मांगीण का? हात धुतले का? बस. तिसऱ्या प्रश्नानंतर उठायची. बाळंतीण कुठं निजली होती, हे तिनं एकदाही विचारलं नाही. मला मात्र मायकडून ठाऊक होतं. मोठ्या घरांत विटाळ म्हणून बाळंतिणीला गोठ्यालगतच्या खोलीत टाकायचे. वारं लागू नये म्हणून खिडकीत बोचकं कोंबायचे. अंगाखाली पुढं फेकून द्यायची वाकळ. बाळंतिणीला शिवायला कुणी नाही, फक्त माझी माय.

आणि आता ती माय हात पालथे करून उन्हात.

"आता तळवे दाखवायला सांग," वत्सला म्हणाली.

मी मायला म्हणाले, "माय, हात खाली घे."

मग उस्तानींकडं वळले. उर्दूत म्हणाले, "माझाही एक मफरूजा आहे."

माजघराच्या दारातून वत्सलाची आई, देशमुखीणबाई, कडाडल्या, "ए, आवाज खाली!"

उस्तानींनी त्यांना हातानं थांबवलं. "बोलो."

मी बोलले. ह्याच बाईचे हात मांगवाड्यातही बाळंतपण करतात. दोष हातांचा असेल तर आमच्या बायाही तेवढ्याच मराव्यात. नसतील मरत तर दोष खोलीचा. दोन्हीकडं विचारा. मी खोटी ठरले तर ठरू द्या.

वत्सला खुर्चीतून उठली. मराठीत म्हणाली, "तुझी माय हाय म्हणून बोलून राह्यलीस तू."

ते मला लागलं. कारण खरं होतं.

"हो," मी म्हणाले. "अन् तुझं घर हाय म्हणून तू खोलीचं विचारत न्हाईस."

ताईसाहेब म्हणाले नाही. त्या अंगणात पहिल्यांदाच. मायनं माझं मनगट धरलं.

उस्तानी म्हणाल्या, "ठीक. मांगवाड्यात तू विचार. जे निघेल ते आणून दे."

मी विचारलं. झोपडी-झोपडीत बसले. मनातून एकच इच्छा, आमची एकही मेलेली निघू नये. वत्सलाचं तोंड उतरलेलं बघायचं होतं मला. आमच्यात मरणं कमी निघाली. पण निघाली. शेजारच्या सखूकाकीची सून तापानं गेल्ती. काकी म्हणाली, "तुझी माय देशमुखाकडून आल्ती तवा. तिथली बाळंतीण तापात व्हती. तशीच इकडं आली, पोर सोडवलं. मंग हिला बी ताप."

मी घरी आले. मायला विचारलं. तिनं चुलीतलं लाकूड मागं ओढलं.

"व्हय. तशीच आल्ते," ती म्हणाली. "म्या न्हेलं का गं तिला?"

ताप त्या कोंदट खोलीत जन्मला आणि मायच्या हातावर बसून आमच्याकडं आला. वत्सलाचा मफरूजा अर्धा खरा. माझाही अर्धाच. माझा पराभव झाला नव्हता, पण मला जिंकायचं होतं आणि मी जिंकले नव्हते.

सकाळी माय म्हणाली, "हात धुईन. नाळ कापायचा इळा बी उकळीन. पर त्यायला म्हनाव, खिडकीतलं बोचकं काढा."

मी दोन्ही गोष्टी लिहिल्या. खोली आणि हात. सखूकाकीच्या सुनेसकट. स्वतःच्या मायविरुद्ध लिहिताना पेन जड होतं, तरी लिहिलं आणि कागद उस्तानींना दिले. उस्तानींनीच शिकवलं होतं ना, खोटं ठरायची तयारी हवी.

हैदराबादला वत्सलानं भरल्या वर्गात आपला निबंध वाचला. हात होते. सखूकाकीची सून होती. "मांग मुलीनं स्वतः हे कबूल केलं आहे," असंही होतं. खोली कुठंच नव्हती.

टाळ्या पडल्या. मी उभी राहिले.

"हे अर्धंच आहे."

उस्तानी माझ्याकडं न बघता म्हणाल्या, "मोठ्या घरांच्या आतल्या गोष्टी बाहेर काढायच्या नसतात. बैठ जाओ."

मी बसले नाही. तास संपेपर्यंत उभी होते. वत्सला खाली बघत होती. मला तिचा हेवा तेव्हाही वाटत होता. तिनं मानून घेतलं ते कॉलेजच्या मासिकात छापलं जाणार होतं. पण पहिल्यांदाच कळलं, मला तिची जागा नको होती. तिथं बसून तिला खोलीचा प्रश्न विचारता येत नव्हता. मला येत होता.

त्यानंतर मी कुणासाठी माहिती गोळा केली नाही. कुणाचा तर्जुमा केला नाही. पुढच्या सुट्टीत एकटीच आष्टीला गेले. पाटलांच्या घरी नुकतीच बाळंतीण दगावली होती. मी अंगणात उभी राहून विचारलं, "बाई कुठं निजत होती? ती खोली बघायची हाय."

"कुणाची गं तू?" आतून आवाज आला. "कुणी धाडलं तुला?"

"कुणी न्हाई धाडलं. मलाच विचारायचं हाय."

"चल, नीघ इथून."

मी मातीत बसले. गडी काठी घेऊन आला. मी उठले नाही. त्यालाही तोच प्रश्न विचारला.