म्हाताऱ्याच्या सांडव्यावरची जाळी

आमच्या लोमेचेक गावाची बखर हेडविकाबाई लिहायच्या. आमच्या देशात कायद्यानं प्रत्येक गावाला बखर ठेवावीच लागते, आणि हे लचांड नेमकं टपाल वाटणाऱ्या या बाईंच्या गळ्यात पडलं. त्यांनी सव्वीस वर्षं ते निगुतीनं केलं. कुणाची गाय व्याली, कुठल्या गोठ्यावर वीज पडली, सगळं त्यात. माझ्या बिअरच्या दुकानात त्या आल्या की टवाळ मंडळी विचारायची, "काय बाई, कोंबड्यांची शिरगणती झाली का?" त्या हसायच्या नाहीत. मला त्यांचा तो ताठा फार आवडायचा.

गाव खोलगट. वर पाचशे वर्षांचा तलाव, त्याला आम्ही म्हाताराच म्हणतो; बांधाच्या पायथ्याशी एकोणीस घरं, त्यांतलं एक माझं. १८९० साली बांध फुटून सात माणसं गेली, त्यांतली दोन पाळण्यातली. कारण म्हणून बखरीत दोनच शब्द आहेत: फार पाऊस.

२००२च्या ऑगस्टमध्ये तसाच पाऊस लागला. मंगळवारी सकाळी पाणी बांधाच्या माथ्यापासून जेमतेम वीतभर खाली होतं. सांडव्यावर, म्हणजे जादा पाणी निघायच्या वाटेवर, लाकडी जाळ्या असतात, मासे वाहून जाऊ नयेत म्हणून. त्या पाल्यानं, फांद्यांनी तुंबल्या होत्या. तलावाचा राखणदार ओटाकार, म्हणजे हेडविकाबाईंचा धाकटा भाऊ, दाताळ्यानं पाला ओढत होता. एक ढीग काढावा तर दोन येत होते.

"ओटाकार, जाळ्या उपट की!" मी ओरडलो.

"आणि हे कार्प मासे? तीन वर्षं पोसलेत. नाताळच्या ताटात माशाऐवजी काय बटाटे तळून खाणार आहात?"

"जिवंत राहिलो तर खाऊ!"

"तू तुझे पेले धू. बांध मला कळतो."

खरं सांगतो, मला त्याला पाण्यात ढकलावंसं वाटलं. पण राखणदाराच्या शब्दाबाहेर जायची आमच्याकडे रीत नाही. बंबवाले आमचेच पोरगे, तेही माना खाली घालून पोती रचत राहिले. पाणी चार बोटांवर आलं. बांध पायाखाली थरथरत होता.

तेवढ्यात हेडविकाबाई आल्या. रेनकोटचं बटणसुद्धा लावलं नव्हतं.

"ओट्या, काढ त्या जाळ्या."

"ताई, तू घरी जा. हे तुझं काम नाही."

"पणजोबांनीही हेच केलं होतं."

ओटाकारचा हात थांबला. "काय केलं होतं?"

"१८९०ला राखणदार तेच होते. जाळ्या काढल्या नाहीत. दुपारपर्यंत मासे राखत बसले. आजीनं मरताना सांगितलं मला. सात माणसं पावसानं नाही मेली, ओट्या. मला ठाऊक होतं, आणि मी लिहिलं नाही. आपल्या घराण्याचं नाव होतं ना."

त्या सातांतली तिघं माझ्या घरातली. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली, पण भांडायला वेळ नव्हता.

ओटाकारनं दाताळं फेकलं आणि पहिली जाळी धरली. मीही धरली. तिसरी पाण्याच्या दाबानं अशी घट्ट बसली होती की आम्ही पाच जण कमरेला दोर बांधून तिच्यावर लोंबकळलो. पाणी माथ्यावरून बोटभर वाहू लागलं. मग ती कडाडून मोडली आणि सगळं एकदम सुटलं. हाताएवढे कार्प आमच्या पायांवर आपटत खाली निघाले. ओटाकार एकेक मासा जाताना बघत होता आणि लहान मुलासारखा रडत होता.

बांध टिकला. अंगणांत गुडघाभर पाणी आलं, पण माणसं सगळी राहिली.

चार दिवसांनी हेडविकाबाईंनी मला बखरीवर साक्षीदाराची सही करायला बोलावलं. मी घुश्शातच गेलो. त्यांनी १८९०चं सगळं खरं लिहून काढलं होतं, स्वतः ते लपवलं होतं त्यासकट. एवढ्यात ओटाकार आला, टोपी हातात घेऊन दारातच उभा राहिला.

"ताई, माझंही लिहिलंस?"

"लिहिलंय. राखणदारानं जाळ्या काढल्या, गाव वाचलं."

"खोडून टाक ते," तो म्हणाला. "सकाळी सहालाच काढायला हव्या होत्या, मी साडेदहाला काढल्या. तसं लिही."